एन्ट्रॉपीतला लॉगरिदम आणि गोंगाटातून बिनचूक संदेश: यामागचे गणित नेमके काय?

फोंड्याचा वाचक

नमस्कार. मी फोंड्याला राहतो आणि पदव्युत्तर गणिताच्या दुसऱ्या वर्षाला आहे. संभाव्यता सिद्धांत मेझर थिअरीसह शिकून झाला आहे, त्यामुळे उत्तरात गणित आले तरी हरकत नाही. उलट ते यावे अशीच इच्छा आहे.

क्लॉड शॅनन यांनी १९४८ साली मांडलेला माहिती सिद्धांत स्वतःच्या बळावर वाचताना दोन ठिकाणी अडलो आहे. पहिली अडचण एन्ट्रॉपीच्या, म्हणजे अनिश्चितता मोजण्याच्या, सूत्राची. प्रत्येक शक्यतेची संभाव्यता घ्यायची, तिच्या व्यस्ताचा दोन पायाचा लॉगरिदम काढायचा, दोहोंचा गुणाकार करायचा आणि सगळ्या शक्यतांची बेरीज करायची. हे सूत्र तीन-चार गृहीतकांतून निघते आणि त्या गृहीतकांना दुसरे कोणतेही सूत्र पुरे पडत नाही, हे गणितज्ञ खिंचिन यांच्या मांडणीतून समजले. सिद्धता पटली, पण गृहीतके आधी उत्तर पाहून मग बेतल्यासारखी वाटतात.

दुसरी अडचण मोठी आहे. समजा एखाद्या चॅनलमध्ये, म्हणजे संदेश नेणाऱ्या वाटेत, प्रत्येक बिट (० किंवा १) ०.११ संभाव्यतेने उलटतो. तोच बिट तीनदा पाठवून बहुमत घेतले, तर चूक सुमारे ३.४ टक्क्यांवर येते. पाचदा पाठवला तर सुमारे १.१ टक्क्यावर. म्हणजे चूक शून्याकडे न्यायची, तर वेगही (पाठवलेल्या दर बिटामागे मूळ संदेशाचा वाटा) शून्याकडे जाणार. शॅनन मात्र म्हणतात की एका ठरावीक वेगाच्या खाली राहिलात, तर वेग न घटवता चूक हवी तितकी कमी करता येते, आणि सिद्धतेत संकेतावली (संदेशांसाठी ठरवलेल्या संकेतशब्दांची यादी) चक्क नाणेफेकीने निवडतात. कोणतीही संकेतावली प्रत्यक्ष न दाखवता हे सिद्ध झाले असे कसे मानायचे?

मांडवीकाठ

तुमचा पहिला संशय रास्त आहे, आणि तो खुद्द शॅनन यांनाही होता असे म्हणता येईल. त्या निबंधात गृहीतकांवरून सूत्र काढल्यावर त्यांनी लगेच स्पष्ट केले आहे की हे प्रमेय पुढील सिद्धांतासाठी मुळीच आवश्यक नाही. व्याख्येचे खरे समर्थन तिच्यातून जे निष्पन्न होते त्यात आहे. पाठ्यपुस्तके हे वाक्य गाळतात आणि गृहीतकांनाच पाया म्हणून मिरवतात, ही माझी जुनी तक्रार आहे. पाया म्हणायचा तर तो मोठ्या संख्यांच्या नियमाचा: प्रयोग पुष्कळ वेळा केला की सरासरी अपेक्षित मूल्याजवळ येते.

आपल्याकडचेच उदाहरण घेऊ. गोव्याच्या सत्तरी तालुक्यातील एखाद्या पर्जन्यमापकाने जुलै महिन्यात रोज एकच गोष्ट कळवायची आहे: पाऊस पडला की नाही. केवळ हिशोबासाठी असे धरा की कोरड्या दिवसाची संभाव्यता ०.११ आहे आणि दिवस परस्परांपासून स्वतंत्र आहेत. अनेक वर्षांचे जुलै जोडून १००० दिवसांची नोंद केली, तर लिहिता येण्याजोग्या नोंदी २^१००० आहेत. पण प्रत्यक्षात हाती येणाऱ्या नोंदीत कोरडे दिवस ११० च्या आसपास असतील. अशा नोंदी किती, हे स्टर्लिंगच्या सूत्राने मोजले की घातांकाच्या हिशोबाने उत्तर २^५०० च्या जवळ येते, आणि त्यातल्या प्रत्येक नोंदीची संभाव्यताही सुमारे २^−५०० असते. म्हणजे १००० दिवसांची नोंद जवळपास ५०० बिटांत मावते, दिवसाला अर्धा बिट. तुमच्या सूत्रात ०.११ आणि ०.८९ घालून पाहा; उत्तर ०.४९९९ येते. लॉगरिदम कोणी ठरवून आणलेला नाही. नोंदींची संख्या दिवसांगणिक घातांकाने वाढते, आणि तो घातांक वाचायचा तर लॉगरिदमच घ्यावा लागतो.

येथे एक गोष्ट सावकाश पाहण्यासारखी आहे. सर्वांत संभाव्य अशी एकच नोंद निवडायची, तर ती म्हणजे हजारही दिवस पाऊस. तिची संभाव्यता ०.८९ चा हजारावा घात, म्हणजे सुमारे २^−१६८. ही २^−५०० पेक्षा अतिप्रचंड मोठी आहे. तरीही ती नोंद कधी दिसणार नाही, कारण ती एकटी आहे आणि समोर २^५०० नोंदींचा जमाव आहे. सर्वाधिक संभाव्य आणि प्रातिनिधिक या दोहोंत घोळ झाला की पुढची सगळी प्रमेये गूढ वाटू लागतात.

‘आसपास’ या शब्दाचीही किंमत मोजायला हवी. येथे प्रमाण विचलन, म्हणजे सरासरीभोवतीचा नेहमीचा फैलाव, ९.९ आहे. तीन विचलनांची मोकळीक ठेवून १४० कोरड्या दिवसांपर्यंतच्या सगळ्या नोंदी सामावून घ्यायच्या, तर त्यांची संख्या २^५८४ च्या आत राहते; म्हणजे दिवसाला ०.५८४ बिट पुरतात. दहा लाख दिवस घेतले तर हाच आकडा ०.५०३ पर्यंत उतरतो, कारण विचलन संख्येच्या वर्गमुळाच्या प्रमाणात वाढते आणि दिवसागणिक त्याचा वाटा घटत जातो. खऱ्या पावसाचे दिवस अर्थातच स्वतंत्र नसतात. आज झोडपले तर उद्याही झोडपण्याची शक्यता जास्त. त्यासाठी मॅकमिलन (१९५३) आणि ब्रायमन (१९५७) यांची प्रमेये आहेत. स्थिर (काळानुसार नियम न बदलणाऱ्या) आणि अर्गोडिक (एकाच लांब नोंदीत खरी सरासरी दिसून येणाऱ्या) प्रक्रियेलाही हीच मोजणी लागू पडते, असे ती सांगतात. मेझर थिअरी झाली असल्याने तुम्ही थेट तिकडे वळू शकाल.

वास्कोचा अभियंता

मांडवीकाठ यांनी केलेली मोजणीच दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आहे, फक्त तिची जागा बदलायची. कोरड्या दिवसाऐवजी उलटलेला बिट म्हणा. १००० बिट पाठवले तर गोंगाटाचे संभवनीय नमुने पुन्हा सुमारे २^५००. म्हणजे पाठवलेल्या प्रत्येक संकेतशब्दाभोवती, तो ज्या रूपांत पोहोचू शकतो अशा २^५०० शब्दांचा एक पुंजका आहे. पलीकडे पोहोचू शकणारे शब्द एकूण २^१०००. पुंजके एकमेकांत मिसळू द्यायचे नसतील, तर ते फार तर २^५०० मावतील. यालाच चॅनलची क्षमता म्हणतात: बिटामागे अर्धा बिट.

आता नाणेफेक. वेग ०.४ ठेवू, म्हणजे २^४०० संकेतशब्द हवेत. प्रत्येक शब्दाचे हजार बिट नाणे उडवून ठरवा आणि ही यादी पाठवणारा व घेणारा या दोघांकडे द्या. घेणाऱ्याचा नियम साधा आहे: आलेल्या शब्दापासून १४० पर्यंत बिटांचा फरक असलेला एकमेव संकेतशब्द शोधायचा. चूक दोनच वाटांनी होईल. एक, गोंगाटाने १४० पेक्षा जास्त बिट उलटवले. हे दर हजारी एक-दोन वेळा घडेल. दोन, भलताच संकेतशब्द त्या परिसरात येऊन पडला. परिसरात २^५८४ हून कमी शब्द आहेत, म्हणून एखादा ठरावीक परका संकेतशब्द तेथे पडण्याची संभाव्यता २^−४१६ पेक्षा कमी. असे परके शब्द २^४००, म्हणून एकूण संभाव्यता २^−१६ पेक्षा कमी, म्हणजे ६५,५३६ मध्ये एकाहूनही कमी.

ही सरासरी नाणेफेकीतून निघू शकणाऱ्या सगळ्या संकेतावल्यांवर घेतलेली आहे. वर्गाची सरासरी पस्तीस गुण असेल, तर पस्तीस किंवा त्याहून कमी गुण मिळालेले एक तरी मूल वर्गात असलेच पाहिजे. ते कोण, हे सांगता आले नाही म्हणून त्याचे अस्तित्व खोटे ठरत नाही. सरासरी चूक इतकी अल्प असेल, तर तितकी किंवा त्याहून कमी चूक करणारी एक तरी संकेतावली आहेच. एर्डश यांनी १९४७ साली आलेखांविषयीचे एक प्रमेय अशाच मार्गाने सिद्ध केले होते, तेव्हा गणितात ही रीत त्या काळीही अगदीच अपरिचित नव्हती. शॅनन यांच्या युक्तिवादातील तपशील पुढे फाइनस्टाइन (१९५४) आणि खिंचिन यांनी काटेकोर केला.

तुमच्या पाचदा पाठवण्याच्या रीतीशी याची तुलना करून पाहा. त्या रीतीने ४०० बिटांचा संदेश पाठवला, तर वेग अवघा ०.२ आणि अख्खा संदेश बिनचूक पोहोचण्याची संभाव्यता जेमतेम एक टक्का. नाणेफेकीच्या संकेतावलीत वेग दुप्पट, आणि पूर्ण संदेशात चूक होण्याची संभाव्यता दर हजारी एक-दोन. पुनरावृत्तीत प्रत्येक बिट एकट्याने गोंगाटाशी झुंजतो, म्हणून मोठ्या संख्यांचा नियम त्याच्या मदतीला येतच नाही. शब्द लांब केला, की गोंगाट स्वतःच नियमित होतो.

खाडीपलीकडचा

वरील सिद्धतेत दाखवलेले नाही ते हे की तो संकेतशब्द शोधायचा कसा. २^४०० शब्दांशी एकेक करून तुलना करणे कोणत्याही संगणकाच्या आवाक्याबाहेरचे आहे. हॅमिंग यांची १९५० मधील संकेतावली सुटसुटीत होती, पण क्षमतेपासून दूर. गॅलागर यांनी १९६० च्या दशकाच्या आरंभी विरळ समता-तपासणीच्या (प्रत्येक तपासणीत मोजकेच बिट घेणाऱ्या) संकेतावल्या सुचवल्या, पण तेव्हाच्या संगणकांना त्या झेपण्यासारख्या नव्हत्या आणि त्या बराच काळ अडगळीत पडल्या. १९९३ मध्ये बेरू आणि सहकाऱ्यांचे टर्बो कोड आले आणि क्षमतेच्या अगदी जवळ जाता येते हे प्रत्यक्ष दिसले. मग गॅलागर यांच्याकडेही लक्ष वळले. २००९ मध्ये अरिकान यांनी पोलर कोडची रचना मांडली. त्यात नाणेफेक नाही आणि क्षमता गाठली जाते याची सिद्धताही आहे. तुमच्या हातातल्या ५जी फोनमध्ये डेटासाठी गॅलागर यांच्या जातीच्या, तर नियंत्रणाच्या संदेशांसाठी पोलर संकेतावल्या वापरतात.

गोव्याच्या मंडळींसाठी आणखी एक. वरची सगळी मोजणी बिटांची आहे. भरतीओहोटीच्या पातळीसारखा अखंड आलेख असेल, तर आधी त्याचे आकडे करावे लागतात. यादृच्छिक आलेख परस्परांशी सहसंबंध नसलेल्या गुणकांत उलगडण्याची रीत आज कारूनेन आणि लोएव्ह यांच्या नावाने शिकवतात, पण दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी ती १९४३ सालीच प्रसिद्ध केली होती. कोसंबींचा जन्म गोव्यातला, १९०७ चा. आलेख गाउसीय असेल तर ते गुणक स्वतंत्र ठरतात आणि प्रत्येकासाठी बिटांचा हिशोब वेगळा मांडता येतो. इतिहासकार म्हणून त्यांच्यावर आपल्याकडे भाषणे होतात. या लेखाचा उल्लेख त्यांत व्हायला हवा.

फोंड्याचा वाचक

सर्वांचे मनःपूर्वक आभार. १४० ची मर्यादा धरून केलेला हिशोब वहीत पुन्हा मांडून पाहिला आणि जुळला. एकच शंका उरते. पुंजके न मिसळण्याची अट आपण घातली म्हणून ०.५ ही मर्यादा आली. थोडे मिसळू दिले आणि चूक शून्याऐवजी, समजा, दहा टक्के चालवून घेतली, तर वेग ०.५५ करता येईल का?

मांडवीकाठ

येणार नाही. लहान लांबीच्या शब्दांनाही नाही, आणि लांबी वाढवत नेली तर चूक आणखी वाढते. क्षमतेपेक्षा जास्त वेग ठेवला तर चूक शून्याकडे जाऊ शकत नाही, एवढे फॅनो यांच्या असमानतेवरून मिळते. ते तुमच्या शंकेला पुरेसे नाही. वोल्फोविट्झ यांनी १९५७ मध्ये त्याहून कडक निष्कर्ष सिद्ध केला: अशा वेगाने चूक होण्याची संभाव्यता लांबीबरोबर थेट १ कडे जाते. मोजणीनेही हे दिसते. ०.५५ वेगाला २^५५० पुंजके आणि प्रत्येकात २^५०० शब्द, मिळून २^१०५०. जागा मात्र २^१००० एवढीच. आलेला शब्द सरासरी २^५० पुंजक्यांत एकाच वेळी बसतो, आणि त्यांतून खरा निवडणे म्हणजे निव्वळ अंदाज. लांबी दुप्पट केली की ही संख्या २^१०० होते. वहीत हजाराच्या जागी २०० घेऊन प्रमाण विचलनासह हाच हिशोब करा. दहा टक्क्यांची सवलत वेग ०.५ च्या वर का नेऊ शकत नाही, याचा तुम्हाला तेथे अंदाज येईल.