बीपी नॉर्मल म्हणजे धोका नाही असं नव्हे
रुग्णालयात आलेल्या तापाच्या मुलांना सेप्सिसची चाळणी लावावी का, म्हणजे पहिल्या तपासणीतच संशयित ओळखावेत का, यावर ही चर्चा आहे. सेप्सिस म्हणजे संसर्गाला शरीराने दिलेली बेताल प्रतिक्रिया, जिच्यात अवयव निकामी होऊन जीव जाऊ शकतो. वर एकांनी लिहिलंय की तापलेल्या प्रत्येक मुलाची नाडी जलदच असते, मग चाळणी लावली तर अर्धी कॅज्युअल्टी सेप्सिसची संशयित ठरेल. निम्मं पटतं. ताप एक अंश सेल्सिअसने चढला की ठोके मिनिटाला साधारण दहाने वाढतात, नुसत्या आकड्यावर विसंबून चालत नाही. पण 'बीपी नॉर्मल असेल तर घरी पाठवा' हे मुळीच पटत नाही. मुलांच्या रक्तवाहिन्या आवळून दाब बराच वेळ टिकवून धरतात. तो पडेपर्यंत फार उशीर झालेला असतो. त्याआधी हातपाय गार पडतात, मूल सुस्तावतं. छातीच्या हाडावर बोटाने पाच सेकंद दाबून सोडा. फिकी पडलेली जागा पूर्ववत व्हायला तीन सेकंदांहून जास्त लागले, तर डॉक्टरांना तिथल्या तिथे बोलवायचं.

न्यूयॉर्कचं कुणी लिहिलं नाही, म्हणून लिहितोय. २०१२ मध्ये रोरी स्टाँटन हा १२ वर्षांचा मुलगा शाळेत कोपर खरचटल्यानंतर सेप्सिसने गेला. इमर्जन्सीतून त्याला घरी पाठवलं होतं, रक्ताचे चिंताजनक रिपोर्ट नंतर आले. २०१३ मध्ये त्या राज्याने सेप्सिस ओळखण्याची ठरलेली पद्धत रुग्णालयांना सक्तीची केली. २०१८ मध्ये तिथल्या ५४ रुग्णालयांतल्या १,१७९ मुलांचा अभ्यास आला. ब्लड कल्चर (रक्तात जंतू आहेत का ते पाहणारी तपासणी), अँटिबायोटिक आणि सलाइन ही तिन्ही तासाभरात झालेल्यांत मृत्यूचा धोका कमी दिसला. पण तेवढ्या वेळात तिन्ही मिळाली जेमतेम चौघांत एकाला. नर्सने पहिल्या तपासणीतच संशय घेतला, तरच हा तास हाती लागतो.