सेनाप्रमुखाने निवृत्तीनंतर लगेच पक्षात जावं का? (व्ही. के. सिंगांच्या निमित्ताने)

सह्यकडा
दोन दिवस एक पोस्ट फिरतेय की माजी सेनाप्रमुख व्ही. के. सिंगांसारखे पन्नास जनरल संसदेत पाठवा, भ्रष्टाचार आपोआप संपेल, फौजी माणूस कधी स्वार्थ बघत नाही वगैरे. वाचून डोकं फिरलं म्हणून सविस्तर लिहितोय. त्यांच्या देशप्रेमाबद्दल माझी तक्रार नाही. माझा मुद्दा तारखांचा आहे. ३१ मे २०१२ ला निवृत्त, जानेवारी २०१३ मध्ये पाटण्याला अण्णा हजाऱ्यांच्या सभेत, सप्टेंबर २०१३ मध्ये रेवाडीला मोदींबरोबर व्यासपीठावर, मार्च २०१४ मध्ये भाजपप्रवेश आणि मे मध्ये गाझियाबादहून साडेपाच लाखांच्या वर मतांनी खासदार. म्हणजे पदावर असताना सरकारशी जे जे भांडण झालं, जन्मतारखेचा खटला, लष्कराच्या टाट्रा ट्रक खरेदीसाठी १४ कोटींच्या लाचेची ऑफर आली होती हा आरोप, दारूगोळ्याच्या तुटवड्याबद्दल पंतप्रधानांना लिहिलेलं आणि नंतर फुटलेलं पत्र, त्या सगळ्याकडे लोक आता मागे वळून संशयाने बघणार. आरोप खरे असतील तरी बघणार! नुकसान माणसाचं होत नाही, त्या खुर्चीचं होतं. सेनाप्रमुखाला निदान पाच वर्षं निवडणूक लढवता येऊ नये असा कायदा हवा.

निवांत
म्हणजे चोर, गुंड, बिल्डर सगळ्यांना तिकीट चालेल आणि चाळीस वर्षं वर्दी घातलेल्याने पाच वर्षं घरी बसायचं? वा. येमेन विसरलात का? एप्रिल २०१५, ऑपरेशन राहत, हा माणूस मंत्री असून जिबूतीत तळ ठोकून बसला होता, ४६०० च्या वर भारतीय आणि वर ४१ देशांचे साडेनऊशे लोक बाहेर काढले. पुढच्या वर्षी दक्षिण सुदान. इराकमधल्या मोसूलमध्ये मारल्या गेलेल्या आपल्या मजुरांचे अवशेष आणायला २०१८ ला हेच गेले. २०२२ ला युक्रेनच्या वेळी पोलंडला हेच. दुसरा कुठला राज्यमंत्री असा युद्धाच्या तोंडावर जाऊन उभा राहिलेला दाखवा, मग कायदे करा.

रेघोट्या
@निवांत येमेनचं काम मोठंच होतं, पण ते मंत्री म्हणून केलं, त्याने सह्यकडाच्या प्रश्नाचं उत्तर कसं मिळतं? मला २०१४ चा जून आठवतो. यांनी सेनाप्रमुख असताना लष्करातले वरिष्ठ अधिकारी दलबीर सुहाग यांच्यावर शिस्तभंगाची कारवाई करून बढती अडवली होती. आणि हे स्वतः ज्या सरकारात मंत्री, त्याच सरकारच्या संरक्षण मंत्रालयाने सुप्रीम कोर्टात प्रतिज्ञापत्र दिलं की ती कारवाई बेकायदा आणि आधीच ठरवून केलेली होती. त्यावर मंत्रिमहोदय ट्विटरवर सुहाग यांच्याविरुद्ध लिहिणार, आणि तेच सुहाग त्या वर्षी पुढचे सेनाप्रमुख होणार. मंत्री विरुद्ध होऊ घातलेला लष्करप्रमुख, तेही जाहीर! मध्ये चार-पाच वर्षं गेली असती तर हे झालंच नसतं.

सातारी तिखट
तुम्ही सगळे शहरात बसून मोठमोठं बोलताय. आमच्या भागात घरटी एक फौजी. जनरल साहेब मंत्री झाले तेव्हा आम्हाला वाटलं आता वन रँक वन पेन्शन (ओआरओपी, म्हणजे एकाच हुद्द्याला आणि तेवढ्याच सेवेला सारखी पेन्शन) उद्या होतंय. झालं काय? ऑगस्ट २०१५ मध्ये जंतरमंतरवर पोलिसांनी म्हाताऱ्या माजी सैनिकांना रेटलं. २०१६ मध्ये एका माजी सुभेदाराने ओआरओपीसाठी आत्महत्या केली तेव्हा हेच साहेब म्हणाले की त्याची मानसिक स्थिती काय होती ते तपासा. माझे वडील सुभेदार म्हणून निवृत्त झाले, ते वाक्य टीव्हीवर ऐकल्यावर ते दोन दिवस कोणाशी नीट बोलले नाहीत. मला राग पक्षात गेल्याचा नाही, आमचे म्हणून गेले आणि आमच्यासाठी उभे राहिले नाहीत याचा आहे.

बिनधास्त ताई
जन्मतारखेच्या खटल्याबद्दल सह्यकडा एका शब्दात बोलून गेलाय, तिथे मात्र मी जनरलांच्या बाजूने आहे. माणसाच्या मॅट्रिकच्या सर्टिफिकेटवर १० मे १९५१ आहे, आणि पोरवयात भरलेल्या फॉर्मवर १९५० पडलं म्हणून आयुष्यभर तेच? आपल्याकडे निम्म्या महाराष्ट्राचा वाढदिवस १ जूनला असतो. शाळेत नाव घालताना गुरुजींनी ठोकून दिलेली तारीख! माझ्या सासऱ्यांची खरी तारीख ग्रामपंचायतीच्या नोंदीत वेगळी, शाळेच्या दाखल्यावर १ जून, त्यापायी दीड वर्ष आधी घरी बसावं लागलं, अर्ज करून करून चपला झिजल्या, एका साहेबाने तर फाईलच हरवली.

रेघोट्या
ताई, नियम आहे ना, नोकरी लागल्यापासून पाच वर्षांत दुरुस्ती मागायची. निवृत्ती तोंडावर आल्यावर सगळ्यांनाच लहान व्हायचं असतं.

बिनधास्त ताई
पाच वर्षांत कोणाला कळतं हो? खेड्यातला मुलगा नवी नोकरी टिकवायची बघेल की तारखा दुरुस्त करत बसेल? नियम लिहिणाऱ्यांचे दाखले हॉस्पिटलात तयार झाले म्हणून त्यांना हे सुचतं.

सातारी तिखट
बरोबर बोललात ताई. आमच्या वडिलांच्या पेन्शनच्या कागदावर एक साल, आधारवर दुसरं. दर वर्षी हयातीचा दाखला द्यायला गेले की तोच प्रश्न. जवानाच्या कागदात चूक झाली तर जवान दोषी, अधिकाऱ्याच्या कागदात चूक झाली तर राष्ट्रीय बातमी.

निवांत
१ जूनवाले उलट सुखी म्हणायचे, नियमाने ३१ मे ला निवृत्त होतात, शाळा-ऑफिसांत एकाच दिवशी दहा-दहा निरोप समारंभ. माझ्या भावाचं वय शाळेने कमी लावलं तर त्याला दोन वर्षं जास्त नोकरी मिळाली, त्याबद्दल कोणी अर्ज केला नाही.

सह्यकडा
अहो १ जून वरून परत या! सिंगांचा प्रश्न दाखल्याचा राहिलाच नव्हता. बढत्या घेताना १९५० मान्य असल्याचं त्यांनी लिहून दिलेलं होतं, मग सर्वोच्च पदावर बसून १९५१ कसं? १९५१ धरलं असतं तर मार्च २०१३ पर्यंत, म्हणजे दहा महिने जास्त मिळाले असते आणि पुढचा सेनाप्रमुख बदलला असता. १० फेब्रुवारी २०१२ ला सुप्रीम कोर्टाचा कल बघून याचिका मागे घ्यावी लागली. पदावर असलेला सेनाप्रमुख सरकारला कोर्टात खेचतो हे आपल्याकडे तोवर झालंच नव्हतं.

बिनधास्त ताई
लिहून घेतलं की लिहून दिलं? बढती हवी तर सही कर म्हटल्यावर कोण नाही म्हणतो? कोर्टानेही त्यांच्या प्रामाणिकपणावर बोट ठेवलं नाही.

कोल्हापुरी
पुढचा सेनाप्रमुख बदलला असता म्हणता, तर नावही घ्या की, लेफ्टनंट जनरल परनाईक! तेव्हा पेपरात सगळ्यांनी छापलं होतं, सिंगांना ते दहा महिने मिळाले असते तर त्यांच्यानंतर प्रमुख झालेले बिक्रम सिंग आधीच निवृत्त झाले असते आणि परनाईकांना संधी होती. आमच्या कोल्हापूरच्या जनरल थोरातांनाही १९६१ ला डावलून थापर सेनाप्रमुख झाले आणि पुढच्या वर्षी चीनने काय केलं ते जगाने बघितलं. मराठी माणसाच्या वाट्याला नेहमी हेच.

रेघोट्या
बेवूर, वैद्य, नरवणे हे सेनाप्रमुख झाले, ते कोण होते मग? प्रत्येक धाग्यात हे आणायलाच हवं का?

कोल्हापुरी
तीन नावं घेतली की झालं? थोरातांबद्दल एक अक्षर बोलला नाहीत.

निवांत
@सह्यकडा तुमच्या पाच वर्षांच्या कायद्याकडे येतो. उत्तराखंडचे खंडुरी मेजर जनरल होते, निवृत्त झाल्यावर लगेच १९९१ ला खासदार. तुमचा कायदा असता तर वाजपेयींच्या काळात हायवेचं काम ज्यांनी रेटलं ते मंत्री मिळालेच नसते. आणि वर्दी बघून लोक आंधळे होतात हाही भ्रम आहे. २०१२ ला 'खंडुरी है जरूरी' म्हणत निवडणूक लढवली आणि मुख्यमंत्री असताना स्वतः कोटद्वारला पडले. पहिले भारतीय सेनाप्रमुख करिअप्पा १९७१ ला मुंबईतून उभे राहिले, पडले. माजी सेनाप्रमुख जे. जे. सिंग २०१७ ला पतियाळात अमरिंदरसमोर, डिपॉझिट गेलं. मतदार निवडून घेतो.

सह्यकडा
खंडुरींचं मान्य, त्या माणसाचं काम चोख होतं. पण ते सेनाप्रमुख नव्हते. प्रमुखाच्या टेबलावर सगळ्या फायली असतात, सगळ्या बढत्या, सगळी खरेदी. आणि करिअप्पा निवृत्त झाले १९५३ ला, उभे राहिले अठरा वर्षांनी, हे उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. अमेरिकेत निवृत्त जनरलला संरक्षणमंत्री व्हायला तेव्हा सात वर्षं थांबावं लागायचं (आता दहा), २०१७ ला मॅटिस आणि २०२१ ला ऑस्टिन यांच्यासाठी संसदेकडून खास सूट घ्यावी लागली. सूट दिली, पण मागावी तरी लागली, चर्चा तरी झाली. आपल्याकडे रिटायर झाल्यावर खाजगी कंपनीत जायचं तर वर्षभर परवानगी लागते, पक्षात जायला एक दिवसही नाही.

निवांत
ते कंपनीचं माहीत नव्हतं. ठीक आहे, वर्षभर थांबा म्हणा, पाच नाही. आणि मग न्यायाधीश, आयएएस, पोलीस आयुक्त सगळ्यांना लावा, एकट्या फौजीला नको.

सातारी तिखट
राज्यपालपदालाही लावा. सिंगांना २०२४ ला तिकीट मिळालं नाही आणि जानेवारी २०२५ ला मिझोरामच्या राजभवनात. तिथे कसली निवडणूक आणि कसला मतदार?

सह्यकडा
लावा, सगळ्यांना लावा. पण सुरुवात प्रमुखापासून. आणि वर्षभर पुरत नाही, सिंगांनी रेवाडीच्या आधी पंधरा महिने काढलेच होते.