सात वर्षं बेपत्ता म्हणजे मेला, हे ठीक. पण कधी मेला ते कोर्टाने धरायला नको का?

खेडकर_पाव्हणा:
मित्राच्या घरची केस सांगतो. त्याचा काका मुंबईत गिरणीत होता, संपानंतर १९८३ ला गायब झाला, लग्न झालेलं नव्हतं, पुन्हा ना पत्र ना मनीऑर्डर. आजोबा १९९४ ला गेले, मृत्युपत्र नाही, जमीन त्यांनी स्वतः घेतलेली, दहा एकर. मागे आजी, मित्राचे वडील आणि दोन आत्या. काका आजोबांच्या आधी मेला असेल तर चार वाटे, प्रत्येकी अडीच एकर. नंतर मेला असेल तर पाच वाटे, आणि त्याचे दोन एकर आईला, म्हणजे आजीकडे चार. आणि आजीने तिचं सगळं मृत्युपत्राने धाकट्या आत्याला दिलंय!! २००३ ला वाटपाचा दावा लागला. खालच्या कोर्टाने ८३ अधिक ७ म्हणून काका ९० साली मेला असं धरलं. अपिलात जिल्हा कोर्टाने ते फिरवलं, आता हायकोर्टात दुसरं अपील पडून आहे. माझं मत, सात वर्षं संपली तो दिवस मृत्यूचा असं कायद्यातच लिहून टाका की, विषय संपला.

दिवाणीवाली:
विषय संपत नाही भाऊ. पुरावा कायद्याचं कलम १०८, नवीन साक्ष्य अधिनियमात १११, एवढंच सांगतं की सात वर्षं खबर नाही तर जो म्हणतो जिवंत आहे त्याने ते सिद्ध करावं. तारखेबद्दल अवाक्षर नाही. प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे इंग्रजांच्या काळातल्या सगळ्यात वरच्या कोर्टाने, १९२६ लाच सांगितलंय आणि सुप्रीम कोर्टाने २००४ च्या एलआयसी विरुद्ध अनुराधा केसमध्ये तेच परत सांगितलं. तिथे नवरा बेपत्ता, हप्ते थकलेले, पॉलिसी बंद पडलेली, त्यामुळे सगळं भांडण मृत्यू कधीचा यावरच होतं. गृहीतक धरायचं ते कोर्टात प्रश्न निघाला त्या दिवसापुरतं. आधीची तारीख हवी त्याने पुरावा आणावा. खालच्या कोर्टाने केलेली बेरीज चूकच आहे.

साहेब_लंडनवाले:
इंग्लंडमध्ये २०१३ च्या कायद्याने नेमकं हेच केलंय. मृत्यूचा वेगळा पुरावा नसेल तर शेवटचा जिवंत माहीत होता तिथून सात वर्षं संपली तो दिवस धरतात, आणि माणूस परत आला तर आदेश बदलायची सोयही आहे. आपण त्यांच्या १८७२ च्या कायद्यातलंच कलम नव्या आकड्याने घेऊन बसलोय आणि ते पुढे गेले.

बांधावरचा_भांडखोर:
तिथे सातबारा नाही हो साहेब. इथे भाऊ सुरतेला जिवंत असतो आणि गावात वारस नोंदीत त्याचं नावच नसतं, फेरफार मंजूर होऊन मोकळा. तारीख आपोआप मिळायला लागली की कोण कधी 'बेपत्ता' झाला हे भावकीच ठरवेल. आणि कलमात अट आहे, ज्यांना त्याची खबर सहज मिळाली असती त्यांना मिळालेली नाही अशी. घरी भांडून गेलेला माणूस पत्र टाकेलच कशाला? मग तो मेलेला की रुसलेला?

खेडकर_पाव्हणा:
मान्य. पण जिल्हा कोर्ट म्हणतं मित्राच्या वडिलांनी ९४ च्या आधीचा मृत्यू सिद्ध केला नाही, म्हणून काका तेव्हा जिवंत. हा पण अंदाजच झाला ना? इकडे तारीख धरायची नाही आणि तिकडे जिवंत धरायचा, हे कुठलं गणित.

दिवाणीवाली:
इथे मी तुमच्या बाजूने. आत्याचा जादा वाटा काका ९४ ला जिवंत होता यावरच उभा आहे, मग ते तिने सिद्ध करायला हवं. समोरची वकील मंडळी कलम १०७ काढतील, की तीस वर्षांच्या आत जिवंत माहीत असलेला माणूस मेला म्हणणाऱ्याने ते सिद्ध करावं, पण १०८ हा त्याचाच अपवाद आहे. तो ८३ पासून बेपत्ता हा वस्तुस्थितीचा भाग, दुसऱ्या अपिलात तो सहसा उकरत नाहीत. सिद्ध करायचं ओझं कोणावर हा मात्र कायद्याचा प्रश्न, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १०० खाली, म्हणजे दुसऱ्या अपिलात, तोच नीट मांडा. आणि पोलिसात मिसिंगची तक्रार, गिरणीचा पीएफ, रेशनकार्डावरून नाव कधी कमी केलं, यातलं काही खालीच दाखल केलं होतं का? अपिलात नवीन कागद सहजी घेत नाहीत.

खेडकर_पाव्हणा:
तक्रारच दिली नव्हती म्हणे, आजीला वाटायचं गणपतीला येईल.

बांधावरचा_भांडखोर:
म्हणजे अडीच एकर की दोन, अर्ध्या एकरासाठी तीन कोर्टं? आत्यासोबत बसून तडजोड करा की.

खेडकर_पाव्हणा:
बसले होते दोनदा. अर्धा एकर हायवेला लागून आहे.