पाणीपुरीच्या पुऱ्या मऊ पडतात, मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. गड्ड्यावर, म्हणजे सोलापूरच्या सिद्धेश्वर यात्रेत, पाणीपुरी खाल्ली तेव्हापासून मुलांनी डोकं खाल्लंय, घरी कर म्हणून. पाण्याची काळजी नाही. पुदिना, कोथिंबीर, आलं, हिरवी मिरची वाटून चिंचेचा कोळ, काळं मीठ, भाजलेलं जिरं घातलं की झालं. आमच्या सोलापुरी जिभेला मिरची दोन जास्तच लागते. घोडं अडतंय पुरीपाशी.

१ वाटी बारीक रवा, २ चमचे मैदा, चिमूटभर मीठ. कोमट पाण्यात घट्ट मळून अर्धा तास ओल्या फडक्याखाली ठेवते. तेलात पुरी टम्म फुगते, झाऱ्यावर घेतली की खुळखुळ वाजतेसुद्धा. पण डब्यात भरून तासाभराने बघावं तर दाबली की चामड्यासारखी वाकते! पाणी ओतायची सोय नाही. काल २५ पुऱ्यांतल्या जेमतेम सहा कडक राहिल्या, बाकीच्यांची शेवपुरी करून वेळ मारून नेली.

जाऊबाई म्हणतात, पुरी जाड लाटतेस आणि गरम असतानाच डबा लावतेस. सासूबाई म्हणतात, मैदाच नको. फुगल्यावर गॅस बारीक करून किती वेळ तळायची? आणि हवेत सुकू द्यायच्या की पुन्हा एकदा तळायच्या? रविवारी पाहुणे आहेत, तेव्हा जरा लवकर सांगा.