आठवडी बाजारात पाहुण्यायले पायी फिरवून खाऊ घालतो, पण काहीतरी चुकून राह्यलं

बागेतला_पोट्टा:
राम राम मंडळी. आमचं गाव मोर्शी तालुक्यात, घरची संत्र्याची बाग हाय. बागेतच दोन खोल्या बांधल्या अन आंबिया बहाराचा माल झाडावर असला का पुण्या-मुंबईकडचे पाहुणे येऊन राहतात. दिवसभर बाग पाहतात, संत्रे खातात अन संध्याकाळ झाली का विचारतात, दादा इथलं बाहेरचं खायला काय चांगलं आहे. तं मी ठरवलं का आमच्या शुक्रवारच्या बाजारात त्यायले पायी फिरवायचं, दोन-अडीच तास, गाड्या-गाड्यावर थोडं थोडं खायचं, कोणती गोष्ट कशी बनते ते मी सांगत जायचं अन माणशी पैसे घ्यायचे.

मागच्या महिन्यात पयली खेप केली. अकरा जण होते. एसटी स्टँडवर तर्री पोहे, शाळेपाशी आलूबोंडा-रस्सा, मंग मंगोडे, पाटोडी (रश्श्यातल्या बेसनाच्या वड्या), गिला वडा (दह्यातला), सांभारवडी (कोथिंबिरीची), मंग बाजारात वजनावर मिळतात ते भजे, गोडशेव, शेवटी चहा, अशी नऊ ठिकाणं. चौथ्या ठिकाणीच लोकायचं पोट भरलं. एका काकूच्या डोळ्यात तर्रीनं पाणी आलं तं त्यायनं पुढं काहीच तोंडात घेतलं नाई. पण मले जास्त लागली ती दुसरीच गोष्ट. भजेवाल्या मावशीच्या कढईभोवती आम्ही सगळे गोल करून उभे राह्यलो, मी पंधरा मिनिटं बोललो, फोटो निघाले, व्हिडिओ निघाले, अन घेतले किती तं अकरा जणात पाव किलो भजे. मावशी काही बोलली नाई. पुढच्या शुक्रवारी गेलो तं नेहमी "ये रे बाप्पू" म्हणते तिनं मान वर करून पाह्यलं नाई. लहानपणापासून तिच्या हातचे भजे खाल्ले मी, दोन दिवस जेवण गोड लागलं नाई.

हे काम मले बंद नाई करायचं. बाहेरच्या लोकायले विदर्भ म्हटलं का सावजी मटण अन तर्री एवढंच ठाऊक, आपल्या बाया काय काय बनवतात ते त्यायनं पाहावं असं मनापासून वाटते. पण कोणाले दुखवून नाई करायचं. कोणी असं फिरवलं असंन तं सांगा, कसं करू?

वऱ्हाडातली_लेक:
भाऊ, माझ्या आईची बाजारात भज्यांची कढई होती, मी शाळा सुटली का तिच्या बाजूला बेसन भिजवत बसायची, म्हणून सांगते. तुमच्या मावशीले राग तुमच्या बोलण्याचा आला नसंन, वेळेचा आला असंन. तुम्ही किती वाजता गेले होते? पाच-साडेपाच ना? बाजाराच्या दिवशी मजुरायले हप्त्याचा चुकारा मिळते, त्या दिवशी निंदणाले-वेचणीले कोणी जात नाई, हातात पैसे आले का तेलमीठ, भाजी अन घरी जातानी लेकरायसाठी पाव-अर्धा किलो भजे. हे सगळं चार ते साडेसहात होते. तेवढ्या वेळात कढईवालीचा आठवडा निघते. आता पाहा, भजे गरम आहे तोवरच विकतात, थंडे झाले का गिऱ्हाईक बाजूच्या कढईवर सरकते. तुम्ही अकरा जण गोल करून उभे म्हणजे मागच्या बाईले कढई दिसतच नाई, ती पुढं निघून जाते, अन अशा पंधरा मिनिटात दोन घाणे तरी तसेच टोपल्यात पडून राहतात. वरून पाव किलो. माझी आई असती तर तिलाही वाईट वाटलं असतं.

आता करायचं काय तर आधी पाहुण्याशिवाय एकटे तिच्या घरी जा, बाजाराच्या आदल्या दिवशी जा, चहा घ्या अन सरळ म्हणा का मावशी माझं चुकलं. मंग तिलाच विचारा कोणती वेळ बरी. ती बहुतेक तीनची सांगीन, कारण तीनला चूल पेटते, बेसन भिजलेलं असते, गिऱ्हाईक नसते. तेव्हा म्हणायचं पयला घाणा आमचा, अख्खा घाणा, किलोभर असो का दीड किलो, खाल्ला जावो न जावो पैसे पूर्ण अन आगाऊ. उरले ते पाहुणे खोलीवर नेतीन. त्या वेळेला ती बोलायलेही मोकळी असते. आणखी एक, तिथं तुम्ही बोलू नका, तिलाच बोलू द्या. बेसनात मोहन किती, मिरची कोणती, हे तिच्या तोंडून ऐकायले बरं वाटते. तिला विचारल्याशिवाय फोटो काढू नका, चुलीपुढं घामेजलेलं तोंड सगळ्यायले दाखवायची कोणाचीच इच्छा नसते.

तर्रीवाला_नागपूर:
ताईनं मुद्द्याचं सांगितलं, मी खाण्याचं सांगतो. नऊ ठिकाणं लय झाले भाऊ, पाच ठेव. अन क्रम बदल. तू पयल्याच ठिकाणी तर्री दिली, तिथंच गडबड झाली. तर्री म्हणजे चण्याच्या रश्श्यावर जो लाल तेलाचा थर तरंगते तो, पुण्याच्या माणसाला वाटते की पातळ उसळ आहे, तो अख्खी वाटी पोह्यावर ओततो अन मंग उचक्या लागतात. गाडीवाल्याला आधीच सांगायचं, पोहे कोरे द्या, तर्री वेगळ्या वाटीत द्या, वरून कच्चा चिवडा, कांदा, लिंबू. पाहुण्यानं चमच्याचमच्यानं घ्यायची. तर्री फिकी करून देऊ नको, कमी दे पण खरी दे, फिकी तर्री प्यायला कोणी एवढ्या दूर येत नाही.

तर्रीच्या लगेच नंतर गिला वडा ठेव, त्या दह्यानं तोंड थंड होते. माझ्या मते हाच सगळ्यात महत्त्वाचा बदल आहे. चहा बिलकुल नको तेव्हा, गरम चहानं जळजळ आणखी वाढते.

तेलाचं पण बघत जा. एफएसएसएआयचा, म्हणजे अन्नसुरक्षा पाहणाऱ्या सरकारी संस्थेचा, नियम १ जुलै २०१८ पासून आहे, तळणीच्या तेलात टोटल पोलर कंपाउंड (तेल पुन्हा पुन्हा तापवून तयार होणारे खराब घटक) २५ टक्क्यांच्या वर गेले की ते तेल वापरायचं नाही. गावच्या बाजारात ते मोजायचं मीटर कोणाकडे असणार, म्हणून पयल्या घाण्याचा सल्ला या कारणानं पण एक नंबर आहे, तेल ताजं असते. काळं झालेलं, फेस धरणारं तेल दिसलं तर त्या दिवशी तो गाडा सोडून पुढं जायचं, पण पाहुण्यांसमोर त्याच्याबद्दल बोलायचं नाही. आणि पेपरात भजे घेऊ नको, शाई तेलात उतरते, त्यालाही मनाई आहेच. पळसाचे द्रोण घेऊन जा घरून, पन्नासेक. बाजारात द्रोण-पत्रावळीवाली असंन तर तिच्याकडूनच घे, तो पण एक थांबा होईल.

अंबानगरीकर:
गिला वडा खायचा तर अमरावतीलाच खावा असं माझं स्पष्ट मत आहे, बाकी ठिकाणी त्याचा नुसता दहीवडा होतो. तुमच्या गावात चांगला मिळत नसेल तर ओढूनताणून यादीत टाकू नका, त्याऐवजी वाटीभर ताक ठेवा. तसंच शेगावची कचोरी. ती त्या स्टेशनची आहे, गार झाली तरी चांगली लागते म्हणून प्रवाशांनी ती गावोगाव नेली. पाहुणे दर्शनाला शेगावला जाणारच असतील तर तिथं खातील.

झाडीतला_माणूस:
मी भंडारा जिल्ह्यातला. आमच्याकडं यादी करून फिरवताच येत नाई, जे निघालं ते खायचं. दिवाळीच्या आसपास तळ्यातले शिंगाडे निघतात, ढिवर बाया उकडून काळेभोर शिंगाडे टोपलीत घेऊन बसतात, ही तळी कोहळी लोकांनी बांधलेली, शेकडो वर्षं जुनी. पाहुण्याला मी आधी तळ्याच्या पारीवर (बांधावर) नेतो, तिथून बाजारात, मग शिंगाडा हातात देतो. त्यानं वेल पाण्यावर पसरलेला बघितलेला असतो, मग सोलायला तो कंटाळत नाई.

तुमच्याकडं पण हिवाळ्यात काय कमी आहे का, ओल्या तुरीचे सोले, त्याच्या कचोऱ्या कोणी करत असंन तर बघा, वाणीचा (हुरड्याच्या ज्वारीचा) हुरडा, बोरं. सांभारवडी पण खरी हिवाळ्यातलीच, सांभार स्वस्त अन कोवळा असतो तेव्हाची. उन्हाळ्यात पंचेचाळीस डिग्रीत कोणाला फिरवू नका, तेव्हा बाग अन मठ्ठा एवढंच.

अन सांभार हा शब्द आधीच समजावून सांगा. माझ्या एका पाहुणीनं इडलीसोबतचं सांबार समजून नको म्हटलं होतं. आपण कोथिंबिरीला सांभार म्हणतो, लाल भोपळ्याला कोहळं, चवळीच्या शेंगांना बरबटी, हे भाजीबाजारात एकेका ढिगापाशी उभं राहून सांगितलं तर अर्धा तास सहज जातो अन पोटाला आराम पण मिळतो.

पुण्याची_पाहुणी:
मी खाणाऱ्यांच्या बाजूने लिहिते. दोन वर्षांपूर्वी विदर्भात एका अशाच फेरीला गेले होते, पैसे भरून. खाल्लेल्या पदार्थांतले निम्मे आता आठवत नाहीत, पण एक बाई आठवतात ज्या पालथ्या मडक्यावर लांब रोटी करत होत्या. पीठ इतकं सैल की हातावरून कोपरापर्यंत ओघळत होतं आणि त्या ते झुलवत झुलवत रुमालाएवढं करून मडक्यावर टाकत होत्या. मी म्हटलं मला करून बघायचंय, तर त्यांनी मला पिठाचा गोळा दिला आणि माझी रोटी तीनदा फाटली, चौथी जमली. तिथे आम्ही चाळीस मिनिटं होतो आणि मला ती कमीच वाटली. त्यामुळे थांबे कमी करा असं मीही म्हणेन. आणि त्या बाईंना किती पैसे मिळाले हे आम्हाला सांगितलंच नव्हतं, ते मला अजून टोचतं. माणशी जे घ्याल त्यातले गाड्यांवर किती जातात ते सुरुवातीलाच सांगून टाका, आम्हाला आवडेल ऐकायला.

बागेतला_पोट्टा:
सगळ्यायचे मनापासून आभार. ताई, तुम्ही म्हणता तसं गुरुवारी मावशीकडं गेलो होतो. पयले ती गप्पच होती, मंग म्हणे, "मले वाटलं तू आता मोठा झाला, मावशीचा तमाशा करतं." लय वाईट वाटलं ऐकून. पाया पडलो. मंग चहा ठेवला तिनं. वेळ तीनचीच सांगितली, अन आगाऊ पैसे घ्यायले तयारच नव्हती, जबरदस्तीनं डब्याखाली ठेवून आलो.

नागपूरवाल्या भाऊले विचारायचं होतं, पाच थांब्यात पाटोडी ठेवू का आलूबोंडा? दोन्हीले रस्सा हाय.

तर्रीवाला_नागपूर:
पाटोडी. आलूबोंडा त्यांना बटाटावड्यासारखाच वाटीन, पाटोडी तिकडं अशी झणझणीत रश्श्यात सहसा मिळत नाही. पण तर्री आणि पाटोडीमध्ये तास-दीड तास जाऊ दे, भाजीबाजार मधात टाक.

बागेतला_पोट्टा:
काल शुक्रवार होता, दुसरी खेप झाली, सांगायले आलो. सहाच जण नेले. तीन वाजता मावशीच्या चुलीपाशी, पयला घाणा, सव्वा किलो झाला, पळसाच्या द्रोणात. मी काहीच बोललो नाई. मावशीनंच सांगितलं का बेसनात ती मूठभर ज्वारीचं पीठ टाकते, अन कडकडीत तेलाचं मोहन, हे मलेच ठाऊक नव्हतं एवढ्या वर्षात. एका ताईनं विचारून फोटो काढला तं मावशीनं आधी पदर सारखा केला, हात पुसले, मंग म्हणे आता काढ. पावणेचारला आम्ही तिथून निघालो तवा तिचं नेहमीचं गिऱ्हाईक यायले लागलं होतं.

मंग पोहे अन वेगळी तर्री, त्यावर ताक (गिला वडा काढून टाकला, आमच्या इथला खरंच तेवढा चांगला नाई), मंग भाजीबाजार एक तास, तिथं पाहुण्यायनंच दोन जुड्या सांभार घेतला, तो घेऊन सांभारवडीवाल्या काकूकडं गेलो अन तिनं तो निवडायले त्यायच्याच हातात दिला. सारण तिचं आधीच तयार होतं खसखस-खोबऱ्याचं, पण आणलेला सांभार चिरून तिनं त्यात टाकला अन त्याच्याच वड्या तळून दिल्या, कढीसोबत. पाटोडी शेवटी. गोडशेव बांधून दिली घरी न्यायले. माणशी घेतलेल्या पैशातले अर्ध्याच्या वर गाड्यांवर गेले, ते निघायच्या आधीच सांगितलं होतं, कोणी कुरकुर केली नाई.

पुढच्या शुक्रवारी सात जण हायेत. मावशी म्हणे, "सात असंन तं पावणेतीनलेच ये, मी चूल लवकर पेटवतो."