एकच सिनेमा दोनदा का शूट करायचे? (स्पॅनिश ड्रॅक्युला, १९३१)

माळावरचा_पाहुणा
काल हॉलिवूडच्या युनिव्हर्सल कंपनीचा स्पॅनिश ड्रॅक्युला बघितला. इंग्रजीतला ड्रॅक्युला, बेला लुगोसी, ह्यात नाही, कार्लोस व्हिलारियास आहे, पण सेट तोच, जिना तोच, जळमटंसुद्धा तीच! मग नवे नट घेऊन अख्खा सिनेमा परत का काढला, डब करून भागलं नसतं? आणि मधेच थोडा वेळ प्रिंट एकदम खराब का होते?

खुर्ची_शेवटची_रांग
डबिंग तेव्हा धड जमतच नव्हतं हो. मूकपटाचं सोपं होतं, मधल्या पाट्या स्पॅनिशमध्ये टाकल्या की तोच सिनेमा माद्रिदलाही चालायचा न् मेक्सिकोतही, आवाज आला आणि ती सोय गेली, आणि खाली सबटायटल द्यावं तर कित्येक प्रेक्षकांना वाचता येत नव्हतं. म्हणून दिवसा इंग्रजी युनिट, रात्री त्याच सेटवर स्पॅनिश युनिट. दिग्दर्शक जॉर्ज मेलफोर्डला स्पॅनिश येत नव्हतं, दुभाष्या घेऊन काम केलं, पण इंग्रजीवाल्यांनी काय शूट केलंय ते बघायला मिळायचं रात्रीच्या युनिटला, त्यामुळे कॅमेरा कुठे न्यायचा ह्यावर जास्त डोकं लावलंय. लुगोसी सोडला तर मला हाच सरस वाटतो.
विनोदी जोडी लॉरेल-हार्डी तर आपल्या सिनेमांच्या स्पॅनिश आवृत्तीत स्वतःच स्पॅनिश बोलले, फळ्यावर लिहिलेले उच्चार वाचून!
खराब प्रिंटचं म्हणाल तर अमेरिकेतल्या प्रतीतलं एक रीळ खराब झालं होतं, तो भाग क्युबात सापडलेल्या प्रतीतून घेतलाय.

नूतन_टुरिंग
बोलण्याकडे लक्ष दिलंत का? व्हिलारियास स्पेनचा, लुपिता तोवार मेक्सिकोची, बॅरी नॉर्टन अर्जेंटिनाचा, प्रत्येकाची बोलण्याची ढब वेगळी. आपल्याला कळत नाही पण तिकडच्या लोकांना ते फार खटकायचं, पेपरात वाद झाले त्यावर. आपली माणसं आपल्यासारखी बोलताना ऐकायची होती ना त्यांना. १९३२ ला मेक्सिकोत ‘सांता’ आला, नायिका हीच लुपिता, आणि जोसेलितो न् रोबेर्तो रॉड्रिगेझ ह्या भावांनी स्वतः तयार केलेल्या यंत्रावर फिल्मवरच आवाज घेतला. माझ्या मते स्पॅनिश बोलपटांची खरी गोष्ट इथे सुरू होते. पुढच्याच वर्षी अर्जेंटिनात ‘टँगो!’, सगळा गाण्यांवर उभा.

माळावरचा_पाहुणा
वा, मस्त माहिती! म्हणजे आपल्या प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’सारखंच, १९३२ लाच मराठी न् हिंदी वेगवेगळे शूट केले होते.

नूतन_टुरिंग
हो, पण तिथे दोन्हीत दुर्गाबाई खोटेच होत्या. हॉलिवूडने माणसंच बदलली. आता सांता बघाच, मेक्सिकन संगीतकार अगुस्तीन लाराचं गाणं आहे त्यात.