मदत हवी आहे: पानशेतच्या पुराची १६ मिमी रिळं, एका डब्याला व्हिनेगरचा वास

नमस्कार मंडळी,

सासऱ्यांच्या थोरल्या भावांना चित्रीकरणाची हौस होती. त्यांची १६ मिमीची काही रिळं नारायण पेठेतल्या घराच्या माळ्यावर सापडली. दोन डब्यांवर त्यांच्या अक्षरात लिहिलंय, 'पानशेत, जुलै १९६१'. सुरुवातीच्या एक-दोन फुटांवरच्या चौकटी खिडकीच्या उजेडात भिंगातून पाहिल्या. खचलेला वाडा, चिखलाने भरलेली गल्ली, ओट्यावर वाळत घातलेल्या वह्या. १२ जुलैला धरण फुटलं, त्यानंतरचं पुणं आहे हे. पुराचे फोटो आपण सगळ्यांनी पाहिलेत, पण त्या गल्ल्यांमधून चालणारी माणसं मी तरी कधी पाहिली नव्हती.

काठावर 'सेफ्टी' छापलंय, म्हणजे भडकणारी नायट्रेट फिल्म नाही. पण एक डबा उघडला की व्हिनेगरचा झणझणीत वास येतो आणि फिल्मच्या कडा नागमोडी झाल्या आहेत. अशा फिल्मचं प्लॅस्टिक, म्हणजे ॲसिटेट, कुजताना व्हिनेगरमधलंच ॲसेटिक ॲसिड सुटतं आणि त्याच ॲसिडमुळे कुजण्याचा वेग वाढत जातो, शेजारच्या रिळांनाही बाधा होते. म्हणून तो डबा वेगळ्या खोलीत ठेवलाय. ही रिव्हर्सल फिल्म आहे. कॅमेऱ्यात फिरलेली तीच धुऊन थेट पॉझिटिव्ह केलेली, वेगळी निगेटिव्ह नाहीच. गेली तर कायमची गेली.

लग्नाच्या व्हिडिओंचं काम करणारे एक जण म्हणाले, "प्रोजेक्टरवर लावू, भिंतीवरून शूट करून देतो." मी नको म्हटलं. आकसलेल्या फिल्मची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांना जुळत नाहीत, ती फाटतात.

दात्यांशिवाय, रोलरवर फिल्म सरकवून एकेक चौकट स्कॅन करणारं कोणी पुण्या-मुंबईत आहे का? शंभर फुटांचं रीळ सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने जेमतेम पावणेतीन मिनिटं चालतं, त्यामुळे काम फार मोठं नाही, पण हात जाणकाराचा हवा. लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म संग्रहालयाला किंवा मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनला कोणी घरगुती रिळं दिली आहेत का? मूळ रिळं त्यांच्याकडे ठेवायला आमची ना नाही, उलट तिथेच ती टिकतील. स्कॅनची प्रत घरच्यांना मिळते का आणि लेखी काय ठरवून घ्यावं, एवढं सांगा. तोवर घरच्या फ्रिजमध्ये ठेवावीत का? गारव्याने कुजणं मंदावतं हे खरं, पण बाहेर काढल्यावर फिल्मवर दव धरेल याची धास्ती वाटते.

आणखी एक. स्कॅन झाल्यावर जागा ओळखायला शनिवार-नारायण पेठेतली जुनी मंडळी लागतील. तुमच्या घरी पूर पाहिलेलं कोणी असेल तर आत्ताच कळवा, त्यांची वयं आता पंचाहत्तरीच्या पुढची आहेत.

मुंबईला यावं लागलं तरी येईन. फक्त पावसाळ्याच्या आत व्हायला हवं.